जादूचा मुकुट, फेटा आणि छत्र : कथालेखनाच्या एका तासाची गोष्ट



आजचा लेख एका चुकीपासून सुरू होतो, आणि ती चूक माझी आहे.

आठवीच्या वर्गाला कथालेखनासाठी विषय दिला होता, 'जादूचा मुकुट'. फळ्यावर मुद्दे लिहिले: एक राज्य, जादूचा मुकुट, मुकुटाची चोरी, शोध, शेवट. आपण नेहमी देतो तसेच. वह्या घरी आणल्या आणि रात्री स्वयंपाकघर आवरून तपासायला बसले. दहा-बारा वह्या झाल्यावर लक्षात आलं, आपण एकच गोष्ट पुन्हा पुन्हा वाचतोय. मुकुटात लाल हिरा. तो घातला की राजाला हत्तीचं बळ. काळ्या डोंगरावरचा जादूगार मुकुट पळवतो, राजपुत्र सात नद्या ओलांडून जातो, राक्षस मारतो, मुकुट आणतो. शेवटी लग्न. तुमच्याही वर्गात असंच होत असणार, म्हणून जास्त सांगत नाही.

मग एक वही आली. त्या मुलाच्या गोष्टीत मुकुट नव्हताच. राजा होता, पण त्याच्या डोक्यावर फेटा होता. राजा खोटं बोलला की फेटा आपोआप सुटायचा. एकदा कुस्तीच्या मैदानात राजा पंच म्हणून बसतो, ओळखीच्या पैलवानाच्या बाजूनं खोटा निकाल देतो, आणि सगळ्या गावासमोर फेट्याचं टोक सुटून खांद्यावर येतं. मी लाल पेनानं शेरा मारला: 'विषय मुकुट आहे, फेटा नाही. मुद्द्यांना धरून लिहा.' पाचपैकी दोन गुण.

दुसऱ्या दिवशी वह्या वाटल्या. तो मुलगा काही बोलला नाही. वही दप्तरात टाकली आणि खिडकीतून बाहेर बघत बसला. पण मागच्या बाकावरच्या एका मुलीनं हात वर केला. "बाई, मुकुट चोरानं घातला तर त्यालाबी ताकद मिळती का?" मी उत्तराची जुळवाजुळव करतेय तोवर दुसरीकडून प्रश्न आला, "आणि बाई, शिवाजी महाराजांचा मुकुट कुठं आहे?"

दोन्ही प्रश्नांची उत्तरं माझ्याकडं तयार नव्हती. "उद्या सांगते," म्हणाले. आपण शिक्षक हे वाक्य किती वेळा वापरतो आणि किती वेळा पाळतो, ते आपलं आपल्याला माहीत. या वेळी पाळलं. शोधता शोधता जे हाती लागलं ते तुमच्यापुढे ठेवते, वर्गात उपयोगी पडेल.

मुलांच्या डोक्यातला मुकुट येतो कुठून?

आधी हे बघू. आपली मुलं मुकुट बघतात ते कार्टूनमध्ये, परीकथांच्या चित्रांत, मोबाइलवरच्या खेळांत आणि वाढदिवसाला केकच्या दुकानातून आणलेल्या पुठ्ठ्याच्या सोनेरी पट्टीत. टोकं टोकं असलेला, मध्ये लाल खडा. हा मुकुट युरोपातला. तिथं राजा होणं म्हणजेच डोक्यावर मुकुट चढणं. इंग्लंडच्या राजाचा 'सेंट एडवर्डचा मुकुट' १६६१ साली दुसऱ्या चार्ल्ससाठी घडवला. आधीचा जुना मुकुट राजाचा शिरच्छेद झाल्यावर पार्लमेंटनं वितळवून टाकला होता. हाच नवा मुकुट ६ मे २०२३ रोजी तिसऱ्या चार्ल्सच्या डोक्यावर ठेवला, तो कार्यक्रम आपल्यापैकी काहींनी टीव्हीवर पाहिलाही असेल. वजन दोन किलोच्या वर. एवढं ओझं डोक्यावर घेऊन मान सरळ ठेवायची, म्हणजे थोडी तालीम लागणारच!

गंमत म्हणजे त्या सोहळ्यातला सगळ्यात पवित्र मानलेला भाग मुकुटाचा नव्हता. राजाला तेलाचा अभिषेक होतो, तो. कॅमेऱ्यासमोर मुकुट चढला, पण अभिषेकाच्या वेळी राजाभोवती पडदे लावले होते. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढं लागेल.

आता त्या मुलीचा प्रश्न. चोरानं घातला तर? आपल्या मुलांना हॅरी पॉटर माहीत आहे. सगळ्यांनी वाचलं नसलं तरी सिनेमे पाहिलेत. त्यात रेव्हनक्लॉचा मुकुट आहे. तो घालेल त्याची बुद्धी वाढते अशी ख्याती. ज्या रोवेना रेव्हनक्लॉचा तो मुकुट, तिच्याच मुलीनं तो चोरला. का? आईपेक्षा हुशार व्हायचं होतं म्हणून. दूर अल्बानियातल्या जंगलात एका पोकळ झाडात लपवला. पुढं व्होल्डेमॉर्टनं तिच्याकडून गोड बोलून ठिकाण काढून घेतलं आणि त्याच मुकुटात स्वतःच्या आत्म्याचा तुकडा दडवला. शेवटच्या, २००७ साली आलेल्या पुस्तकात तो मुकुट जळून नष्ट होतो.

म्हणजे बुद्धी वाढवणारा मुकुट असूनही, आपल्याला कोण हाताळतंय हे त्या मुकुटाला कळत नाही. तो वापरणाऱ्याला काहीच विचारत नाही. मुलांच्या चाळीस वह्यांमधला मुकुट अगदी असाच होता. राजानं घातला तरी बळ, जादूगारानं घातला तरी बळ. मग गोष्टीत उरतं काय? मुकुट कुणाच्या हातात आहे, एवढीच पळापळी. गोष्टी एकसारख्या का झाल्या, याचं कारण मला इथं सापडलं. दोष मुलांचा नव्हता. माझ्या मुद्द्यांमध्ये 'चोरी' होती, 'शोध' होता, पण मुकुट काय मागतो, हा मुद्दाच नव्हता.

विचारणारं सिंहासन

आपल्याकडची जी जुनी जादूची वस्तू आहे ती डोक्यावर घालायची नाही, तिच्यावर बसायचं असतं. सिंहासन बत्तिशी आजीकडून ऐकली नसेल असं माझ्या पिढीत तरी कुणी नसावं. मराठीत छापल्या गेलेल्या अगदी सुरुवातीच्या पुस्तकांत ती आहे. १८१४ साली बंगालमधल्या श्रीरामपूरच्या छापखान्यात छापली गेली, आणि तीही मोडी लिपीत.

गोष्ट थोडक्यात अशी. रानातल्या एका टेकाडावर बसून एक गुराखी पोरगा सवंगड्यांचे तंटे सोडवतो. टेकाडावर असला की निवाडा अचूक, खाली उतरला की पुन्हा साधा गुराखी. राजा भोजाच्या कानावर जातं. तो तिथं खणायला लावतो आणि जमिनीतून विक्रमादित्याचं सिंहासन निघतं, बत्तीस पुतळ्यांचं. भोज मुहूर्त बघून चढायला जातो. पहिली पुतळी बोलते, थांब, विक्रमानं काय काय केलं ते ऐक, आणि तुझ्या अंगी तेवढं औदार्य असेल तर बस. भोज मागं सरतो. दुसऱ्या वेळी दुसरी पुतळी. असं बत्तीस वेळा.

बघा, फरक कुठं पडला. इथं वस्तू माणसाला प्रश्न विचारते. भोज काही दुष्ट नाही, चोर नाही, चांगला नावाजलेला राजा आहे, तरीही पायरीवर अडतो. आणि त्याच जागेवर एक गुराखी पोर नकळत बसून न्याय देऊन गेलंय! मुलांना हे सांगितल्यावर वर्गात जी शांतता झाली, ती 'राक्षस मारला' या वाक्यावर कधी होत नाही. मग त्या मागच्या बाकावरच्या मुलीनंच विचारलं, "मग गुराख्याला पुतळ्यांनी का नाही अडवलं?" मी उत्तर दिलं नाही. तुम्हीही देऊ नका. वर्गाला वाद घालू द्या, तास छान जातो.

महाराजांचा मुकुट

आता दुसरा प्रश्न, जो मला खरा जड गेला. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक ६ जून १६७४ रोजी रायगडावर झाला हे पाठ असतं. पण शब्दाकडं नीट बघा. राज्य-अभिषेक. नावात मुकुट कुठंच नाही. काशीहून आलेल्या गागाभट्टांनी विधी केला, नद्यांची उदकं आणली होती, अष्टप्रधान आठ दिशांना उभे राहिले, महाराजांवर अभिषेक झाला, ते सिंहासनावर बसले आणि मस्तकावर छत्र धरलं गेलं. पदवी कोणती घेतली? छत्रपती. छत्राचा धनी. म्हणजे आपल्या सगळ्यात मोठ्या राजाच्या पदवीत जी वस्तू आहे ती छत्री आहे, मुकुट नाही. हे वाक्य मी वर्गात म्हटलं तेव्हा पोरं आधी हसली आणि मग गप्प झाली.

नाण्यांचंही तेच. महाराजांच्या तांब्याच्या शिवराईवर एका बाजूला 'श्री राजा शिव' आणि दुसऱ्या बाजूला 'छत्रपति' अशी अक्षरं आहेत. युरोपातल्या नाण्यांवर असतो तसा मुकुटधारी चेहरा नाही. शिवराई पुढं कितीतरी पिढ्या चलनात होती. तुमच्या ओळखीत कुणाकडं जुनी नाणी असतील तर एक दिवस मागून वर्गात न्या. मुलांच्या तळहातावर ठेवा. पुस्तकातल्या चित्रापेक्षा त्याचा परिणाम वेगळा होतो.

मग डोक्यावर काय होतं? आपण जिरेटोप म्हणतो. त्या काळात काढलेली महाराजांची जी चित्रं युरोपातल्या संग्रहालयांत जपली आहेत, त्यांत पगडीसारखं शिरोवस्त्र आणि वर तुरा दिसतो. मराठी राजदरबारात मान होता तो पागोट्याचा, मंदिलाचा, त्यावरच्या शिरपेच-तुऱ्याचा. मुकुट होता, नाही असं नाही, पण तो देवांच्या डोक्यावर. मूर्तिशास्त्रात तर त्याचे प्रकार आहेत: विष्णूचा किरीटमुकुट, शंकराचा जटामुकुट, देवीचा करंडमुकुट. कोल्हापुरातलं पोर मुकुट पहिल्यांदा बघतं ते अंबाबाईच्या देवळात नाहीतर कुंभार गल्लीतल्या गणपतीवर. राजाच्या डोक्यावरचा मुकुट आपण बघितला तो नाटकात आणि सिनेमात.

सिनेमाचं निघालंच आहे तर सांगते, कारण तो आपल्याच गावचा आहे. प्रभात फिल्म कंपनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात सुरू झाली. तिचा 'अयोध्येचा राजा' १९३२ साली आला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, हरिश्चंद्र झाले होते गोविंदराव टेंबे आणि तारामती दुर्गा खोटे. मराठीतला पहिला बोलपट! त्याची कथा कशाची? दिलेला शब्द पाळण्यासाठी राज्य देऊन टाकणाऱ्या राजाची. राज्य गेलं, बायको-मुलगा विकायची वेळ आली, स्मशानात राबला. मराठी सिनेमा पहिल्यांदा बोलला तो मुकुट उतरवणाऱ्या राजाबद्दल. योगायोग असेल. पण वर्गात सांगण्यासारखा योगायोग आहे.

परत रायगडाकडं येऊ. त्या सोहळ्याला ईस्ट इंडिया कंपनीचा वकील हेन्री ऑक्झिंडेन हजर होता. त्यानं जे पाहिलं ते लिहून ठेवलं आहे. सिंहासनाच्या दोन्ही बाजूंना भाल्यांच्या टोकांवर चिन्हं होती. एका बाजूला सोन्याची माशांची मुंडकी, दुसऱ्या बाजूला घोड्यांच्या शेपट्या आणि समतोल असलेला सोन्याचा तराजू. तराजू हे न्यायाचं चिन्ह, हे परक्या माणसालाही समजलं. सभासदाच्या बखरीत सिंहासन बत्तीस मण सोन्याचं होतं असं आहे. मणाचा हिशोब करत बसू नका. 'बत्तीस' हा आकडा मुलांच्या कानावर पडू द्या, त्यांना लगेच पुतळ्या आठवतात. माझ्या वर्गात एकानं तर ठामपणे सांगितलं की रायगडावरच्या सिंहासनालाही पुतळ्या होत्या आणि त्या महाराजांना काहीच बोलल्या नाहीत. इतिहास म्हणून हे चूक आहे, असं मी त्याला सांगितलं. गोष्ट म्हणून मात्र ते मला फार आवडलं, हेही सांगितलं. दोन्ही सांगायला हवं. गोष्टीत काय चालतं आणि इतिहासात काय चालत नाही, हा फरक आठवीत कळला नाही तर पुढं व्हॉट्सॲपवर कळणं अवघड.

गादी असूनही

इथपर्यंत मुलांना मजा येत होती. पण मला वाटलं, आपण कोल्हापुरात बसून हे शिकवतोय आणि सगळ्यात महत्त्वाची गोष्ट सांगत नाही, हे बरोबर नाही.

कागलच्या घाटगे घराण्यातला यशवंतराव हा मुलगा १७ मार्च १८८४ रोजी कोल्हापूरच्या गादीला दत्तक गेला. शाहू झाला. २ एप्रिल १८९४ रोजी राज्याधिकार हाती आले. राजवाडा, छत्र, चवऱ्या, गादी, पदवी, सगळं होतं. परीकथेच्या भाषेत म्हणायचं तर मुकुट डोक्यावर चढला होता. मग जादू चालायला हवी होती ना?

१८९९ साली कार्तिक महिन्यात महाराज पंचगंगेवर स्नानाला जात. एके दिवशी लक्षात आणून दिलं गेलं की भटजी वेदोक्त मंत्र म्हणतच नाहीत, पुराणोक्त म्हणतात. विचारल्यावर उत्तर मिळालं, शूद्रांसाठी पुराणोक्तच असतं. मुलांना इथं थांबून समजवावं लागतं. वेदोक्त म्हणजे वेदांतल्या मंत्रांनी केलेला विधी, आणि तो कुणासाठी करायचा यावर जातीची बंधनं घातलेली होती. गागाभट्टांनी ज्या राजाला अभिषेक केला, त्याच्याच गादीवरच्या राजाला बरोब्बर २२५ वर्षांनी आपल्याच गावच्या नदीकाठावर ऐकवलं गेलं की हा अधिकार तुमचा नाही.

विचार करा, इथं पुतळीसारखा प्रश्न विचारणारं कुणी नव्हतं. विक्रमासारखं औदार्य आहे का, न्याय देता का, असं कुणीच विचारलं नाही. जन्म कोणत्या घरात झाला, एवढंच बघितलं. मुलं हा फरक आपण सांगायच्या आधी पकडतात. "बाई, सिंहासन परीक्षा घेत होतं. यांनी परीक्षा न घेताच नापास केलं." हे वाक्य माझं नाही, एका विद्यार्थ्याचं आहे.

महाराजांनी ते गिळलं नाही. वाद पेटला, वर्तमानपत्रांत गाजला, राजोपाध्यांनी वेदोक्त विधी करायला नकार दिल्यावर त्यांची इनामं जप्त झाली. पुढं १९२० साली क्षात्रजगद्गुरूंचं पीठ उभं केलं. हा सगळा इतिहास पुस्तकात मिळेल, मी लांबवत नाही. मला सांगायचंय ते दुसरंच. त्या अनुभवानंतर या राजानं आपल्या हातातली ताकद कुठं वापरली? २६ जुलै १९०२ रोजी संस्थानच्या नोकऱ्यांत मागासवर्गांसाठी निम्म्या जागा राखून ठेवण्याचा हुकूम निघाला. १९१७ साली सक्तीचं मोफत प्राथमिक शिक्षण आलं. आपण शिक्षक आहोत, आपल्यापैकी कित्येकांचे आजोबा-पणजोबा त्या हुकुमामुळं पहिल्यांदा पाटी घेऊन बसले असतील.

आणि गंगाराम कांबळ्यांची गोष्ट. ते महाराजांच्या पागेत नोकरीला होते. पाण्याच्या हौदाला हात लावला म्हणून त्यांना मारहाण झाली. महाराजांनी मारणाऱ्यांना शिक्षा तर केलीच, पण गंगारामांना स्वतःचं चहाचं दुकान काढायला मदत केली. सत्यसुधारक हॉटेल. सुरुवातीला लोक फिरकेनात. अस्पृश्याच्या हातचा चहा कोण पिणार? तर महाराज फेरफटक्याला निघाले की गाडी तिथं थांबवायचे, चहा मागवून प्यायचे आणि सोबत असलेल्यांनाही द्यायचे. राजा स्वतः प्याला म्हटल्यावर बाकीचे नाही कसं म्हणणार?

मी वर्गाला विचारलं, "आता सांगा, जादू कशात होती?" कुणी म्हणालं गाडीत, कुणी म्हणालं गादीत. एकजण म्हणाला, "चहात." सगळे हसले. मीही हसले. पण मग कितीतरी वेळ त्यावरच बोलणं चाललं, कारण तो अगदीच चुकला नव्हता.

छत्री आणि बाशिंग

आठवड्यानं मी तोच विषय पुन्हा दिला. या वेळी फळ्यावर मुद्दे लिहिले नाहीत. फक्त एवढं सांगितलं की वस्तू कोणतीही घ्या, मुकुटच पाहिजे असं नाही. पण ती वस्तू कुणी बनवली ते तुम्हाला माहीत पाहिजे, ती घालणाऱ्याकडून काहीतरी मागून घेणारी पाहिजे, आणि नको झाली तर काढून ठेवता येते का, तेही ठरवा. तुम्ही वर्गात हा प्रयोग करणार असाल तर एक सूचना. पहिला अर्धा तास लिहायला लावूच नका. नुसतं बोलू द्या. घरी पालकांना करायचं असेल तर जेवताना करा, वही न घेता.

जुलै होता, बाहेर कोल्हापुरी पाऊस, अर्ध्या वर्गाच्या दप्तरांना ओल्या छत्र्या टेकवलेल्या. छत्रपतीचा अर्थ कानात ताजा. त्यामुळं बऱ्याच गोष्टींत छत्री आली. एका मुलीची छत्री अशी होती की एकट्यानं धरली तर गळते, शेजारी कुणाला घेतलं की गळायची थांबते. पंचगंगेला पूर आलाय, राजा एकटाच छत्री घेऊन वाड्यातून निघतो आणि भिजतो, शेवटी माळावर मुक्कामाला आलेल्या पूरग्रस्तांत जाऊन उभा राहतो. २०१९ आणि २०२१ चा पूर या मुलांनी बघितलाय, माळ म्हणजे काय ते त्यांना शिकवावं लागत नाही. तिच्या गोष्टीला मी एक जोड दिली. खरं राजछत्र मात्र एकट्या राजावरच असायचं, आणि ते धरणारा नोकर उन्हातच उभा असायचा. ती म्हणाली, "मग त्या नोकराची गोष्ट लिहू?" लिहितेय अजून.

दुसऱ्या एकानं बाशिंग घेतलं. हे मला सुचलंच नसतं. भेंडाचं, कागदाचं, बेगडाचं, दोन्ही बाजूंना मणी लोंबणारं. खरं तर सामान्य मराठी माणसाच्या वाट्याला आलेला मुकुट हाच. एरवी ज्याला कुणी विचारत नाही तो त्या दिवशी नवरदेव असतो, घोड्यावर बसतो, लोक वाट करून देतात. लग्न लागलं, बाशिंग उतरलं, की देवपण संपलं आणि दुसऱ्या दिवशी शेतावर. काढून ठेवायचं असतं हे ज्याला आधीपासून माहीत आहे, असा मुकुट मला तरी दुसरा आठवत नाही. त्या मुलाच्या गोष्टीतला नवरदेव मात्र बाशिंग काढायलाच तयार होत नाही. वर्षभर तसाच फिरतो, आणि शेवटी जेवताना मणी आमटीत बुडायला लागतात तेव्हा काढतो. गुडघ्याला बाशिंग बांधणारे आपण ऐकले होते, हा डोक्यावरचंच सोडत नव्हता!

सगळ्याच गोष्टी चांगल्या झाल्या असं नाही. काहींनी पुन्हा राक्षस मारला. मी त्यांना नाउमेद केलं नाही. एवढंच विचारलं की राक्षसाला मुकुट का हवा होता. दोघांनी उत्तर लिहून आणलं. एकानं लिहिलं, राक्षसाचं डोकं फार मोठं होतं म्हणून त्याला कधीच काही घालायला मिळालं नव्हतं.

आता ती पहिली वही. मधल्या सुट्टीत त्या मुलाला बोलावलं आणि वर्गात सगळ्यांसमोर लाल शेरा मारला होता तो सगळ्यांसमोरच खोडला. म्हटलं, माझं चुकलं, आपल्या राजांच्या डोक्यावर पागोटंच होतं आणि तू बरोबर लिहिलं होतंस. त्याला फार काही वाटल्यासारखं दिसलं नाही. आठवीतली मुलं आपल्याला माफ करण्यात वेळ घालवत नाहीत. मी विचारलं, "फेटा सुटल्यावर राजानं पुढं काय केलं रे? ते लिहिलंच नाहीस." तो म्हणाला, "परत बांधायला घेतला, बाई. पण लांब फेटा म्हटल्यावर एकट्यानं जमंना. दुसरं टोक धरायला कुणीच पुढं आलं नाही. मग निकाल बदलला. मग आलं एकजण."

"हे लिही की," म्हटलं.

त्यानं लिहिलं. पाचपैकी साडेचार दिले. अर्धा गुण ऱ्हस्व-दीर्घाचा गेला.